पोचा जातो कुठं?

जव्हारला एस.टी. डेपोच्या पुढे, रस्ता जिथे उताराला लागतो तिथे माझं गॅरेज होतं. गॅरेज म्हणायचं ते आपलं बोलायला. वर जुने पत्रे, तीन बाजूंनी कुडाच्या भिंती आणि उघड्या बाजूला एक जाडजूड जांभूळ. वडील पत्र्याच्या पेट्या आणि बादल्या बनवायचे. त्या काळी लग्नात मुलीला पेटी द्यायची तर लोक मोखाड्याहून आमच्याकडे यायचे. हातोडीचा आवाज ऐकतच मी मोठा झालो. पुढे रस्ते झाले, जंगलातली लाकडं वाहायला ट्रक आले, सरकारी जीपा आल्या, आणि घाट असल्यामुळे त्या ठोकल्याही जायला लागल्या. मी नाशिकला एका उस्तादाकडे राहून गाड्यांचं पत्रेकाम शिकलो आणि परत येऊन पेट्यांच्या दुकानाचं गॅरेज केलं. वडील म्हणाले, "पेटी एकदाच बनते, गाडी पुन्हा पुन्हा ठोकली जाईल. हुशार निघालास." ते कौतुक होतं की टोमणा, हे मला आजवर कळलेलं नाही.

इंजिन दुरुस्त करणाऱ्याला लोक मिस्त्री म्हणतात, मान देतात. आमचं काम त्याहून खालचं समजतात, कारण ते ठोकाठोकीचं वाटतं. पण पत्रा ठोकून सरळ होत नसतो. ठोकर बसली की पत्रा नुसता आत जात नाही, तो ताणला जातो. ताणलेला पत्रा वरून मारून बसवला तर दुसरीकडे फुगतो, आणि बोट लावलं की टक्‌ टक्‌ वाजतो. म्हणून मागून लोखंडी ठोकळा धरायचा, पुढून हलक्या हाताने हातोडी चालवायची आणि पत्र्याला थोडं थोडं घरी आणायचं. जिथे फारच ताणलाय तिथे गॅसने बोटाच्या पेराएवढी जागा लाल करायची आणि ओल्या फडक्याने झटकन थंड करायची. पत्रा आक्रसतो. शेवटी डोळे मिटून तळवा फिरवायचा. डोळा फसतो, तळवा फसत नाही.

आमच्याकडे आणखी एक अडचण होती, ती म्हणजे पाऊस. जव्हारच्या पावसात रंग वाळत नाही. वाळला तरी त्यावर पांढरी साय धरते, आरशावर वाफ बसावी तशी. म्हणून पावसाळ्यात मी फक्त पत्रेकाम करायचो आणि गाड्या लाल प्रायमर लावून तशाच पळायच्या. नवरात्राच्या सुमारास ऊन पडलं की सगळे रंगाला यायचे. गावात लाल ठिपक्यांच्या गाड्या दिसल्या की बाहेरचा माणूस विचारायचा, "इथं ही काही फॅशन आहे का?"

गिऱ्हाइकं एकेक वल्ली. एक साहेब जीप घेऊन आले. मागचा कोपरा पार चेपलेला. म्हणाले, "ड्रायव्हरने झाडावर घातली. गरीब माणूस आहे, जाऊ द्या, कुठे बोलू नका." दुपारी त्यांचा ड्रायव्हर एकटाच आला. "भाई, साहेब गाडी शिकत व्हते. कुठं बोलू नको, त्यांची लाज जाईल." दोघेही एकमेकांना सांभाळत होते. कोण खरं बोलत होतं ते मी विचारलं नाही. ठोकलेल्या गाडीबरोबर निरनिराळ्या हकिगती येतात, आणि आमचा धंदा पत्र्याचा आहे.

एकदा वऱ्हाडाची गाडी म्हशीला धडकून आली. म्हैस उठून निघून गेली होती, बॉनेट मात्र बंद होईना. मुहूर्त टळत चाललेला. नवरदेव मुंडावळ्या बांधलेला, खाली उतरून दोन्ही हातांनी बॉनेट दाबून उभा राहिला आणि मी तारेने ते बांधलं. वर झेंडूच्या माळा सोडल्या. पुढे त्यांच्या संसारात काय काय बांधावं लागलं असेल ते असो, पण ती तार खोडाळ्यापर्यंत टिकली.

आता हे सगळं मागे पडलंय. नव्या लहान गाड्या आल्यात, त्यांचा पत्रा कागदासारखा. त्यांना जीपसारखा खालचा वेगळा सांगाडाच नाही, अंगच सांगाडा. एका कोपऱ्याला लागलं की दुसरीकडचं दार लागत नाही. पुढचा बंपर प्लास्टिकचा, तो ठोकणार काय आणि तापवणार काय? मोडला की फेकायचा आणि नवा बसवायचा. विम्याचा माणूस येतो, बघतो, म्हणतो, "बदला." गिऱ्हाईक म्हणतं, "संध्याकाळपर्यंत द्या." पत्रा हळूहळू घरी आणायला वेळ कुणाला आहे? मग वरून पुट्टीचा थर थापायचा, घासायचा, रंग मारायचा. दिसायला छान. पण एका पावसाळ्यात पाणी आत शिरतं आणि सगळी खपली निघते. माझ्यासारखी चांगल्या हाताची माणसं ठाणे-भिवंडीला गेली, तिथे पार्ट बदलायचं काम करतात. त्यांना दोष देत नाही. त्यांनाही घरं आहेत. बदलणं सोपं आणि पुष्कळदा सुरक्षितही असतं, हे मी मान्य करतो. तरी मला वाईट वाटतं. का वाटतं, ते सांगायचं तर सोमाच्या जीपची गोष्ट सांगावी लागेल.

सोमा मोखाड्याचा. जीप त्याची स्वतःची आणि चालवायचाही तोच. जव्हार, मोखाडा, खोडाळा अशी त्याची फेरी. एस.टी. होती, पण ती मोठ्या रस्त्याने जायची आणि तिच्या वेळेला ती जायची. सोमा पाड्याच्या फाट्यावर थांबायचा. कुणाचं मीठ-तेल, कुणाचं बियाणं, कुणी बाळंतीण, कुणी साप चावलेला, सगळे त्याच्या जीपमध्ये. हाक मारली की थांबणारी गाडी म्हणून लोक तिला ओळखायचे.

खोडाळ्याच्या अलीकडच्या एका पाड्यावर देवराम नावाचा मजुरी करणारा माणूस राहायचा. त्याची बायको येसू. ती रानातली करवंदं, आळंबी, सागाची पानं, जे त्या त्या दिवसांत मिळेल ते घेऊन जव्हारच्या बाजाराला यायची. तिला गाडी लागायची. मागे बसली की डोकं फिरायचं. म्हणून सोमा पुढची सीट तिच्यासाठी ठेवायचा. कुणी आधी येऊन बसला तरी त्याला उठवायचा. "येसूबाय येतील, मागं सरक," हे त्याचं वाक्य मी स्वतः ऐकलंय.

श्रावणातली गोष्ट. बाजार करून जीप परत चालली होती. वळणावर डोंगरातून एक धोंडा सुटून रस्त्यात येऊन पडलेला. सोमाला तो दिसला तेव्हा अंतर राहिलं नव्हतं. उजवीकडे दरी, डावीकडे डोंगर. त्याने गाडी डोंगरावर घातली. त्या क्षणी कुठल्याही शहाण्या ड्रायव्हरने हेच केलं असतं. मागची सगळी माणसं वाचली. कुणाला खरचटलं, कुणाचा हात मोडला. पण डावी बाजूच आदळली आणि पुढे डावीकडे येसू बसलेली होती. तिचं डोकं समोरच्या पत्र्यावर आपटलं. दवाखान्यात आणेपर्यंत ती गेली.

पंचनामा होऊन जीप सुटली आणि एका ट्रकने ओढत माझ्याकडे आणली. सोमा ट्रकमध्ये बसून आला होता. गाडीकडे पाठ करून उभा राहिला.

"भाई, करायचं तर कर, नाय तर भंगारात दे. मी हिला आता हात लावणार नाय."

"चालवणार नाहीस तर करू कशाला?"

ट्रक वळला तसा तो त्यात बसून निघून गेला.

मी तेव्हा गाडी भंगारात दिली असती तर कुणी मला विचारलं नसतं. पण दुसऱ्या दिवसापासून बाजाराला येणारी माणसं गॅरेजच्या तोंडाशी थांबायला लागली. "कधी होईल रे जीप?" आमच्या भागात पाड्यावरची माणसं लहानथोर सगळ्यांनाच अरे-तुरे करतात, त्यात आपलेपणा असतो. मी विचारायचो, "झाली तर बसाल का?" त्यावर ती एकमेकांकडे बघायची. एक म्हातारा शेवटी म्हणाला, "गाडी तर पायजे. पन तीत येसू बसलेली हाय अजून. लोकांनी बघितलीय." मग पायपीट करत तीच माणसं डोक्यावर ओझी घेऊन भर पावसात निघून जायची.

मी काम सुरू केलं. पुढचा डावा मडगार्ड चुरगळलेला, जाळी आत गेलेली, आणि सगळ्यात वाईट म्हणजे खालच्या सांगाड्याचा, म्हणजे चॅसीचा, एक हात वाकलेला. चॅसी वाकली असेल तर वरून कितीही चकाचक करा, गाडी कुत्र्यासारखी तिरकी धावते. घाटात ते जिवाशी खेळणं आहे. मोठ्या शहरात आता ती ओढून सरळ करायची यंत्रं आली आहेत असं ऐकतो. माझ्याकडे जांभळाचं झाड होतं. गाडीचा मागचा भाग साखळीने खडकाला जखडला, वाकलेल्या हाताला दुसरी साखळी लावून ती झाडाला बांधली, साखळीच्या मध्ये जॅक बसवला आणि लोखंड गॅसने तापवत हळूहळू ताण देत गेलो. जरा ताणायचं, थांबायचं, सुतळीने या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात माप घ्यायचं, पुन्हा ताणायचं. दोन्हीकडची सुतळी सारखी भरली त्या दिवशी मी घरी जाऊन बायकोला म्हणालो, "आमिना, आज गोड कर काहीतरी." आणि लगेच वाटलं, ज्या गाडीत बाई मेली तिच्यासाठी गोड कसलं? आमिनालाही ते कळलं असावं. तिने चहात साखर जास्त घातली, बाकी काही केलं नाही.

डॅशबोर्डचा पत्रा मी मागे ठेवत होतो. स्टिअरिंगच्या डाव्या बाजूला, सीटच्या बरोबर समोर, बशीएवढा पोचा होता. काम सोपं होतं. हात जात नव्हता.

अशात एका बाजाराच्या दिवशी एक माणूस येऊन जांभळाखाली बसला. डोक्यावर इरलं, हातात रिकामी पिशवी. मला वाटलं पाऊस थांबायची वाट बघतोय. पाऊस थांबला तरी तो बसलेलाच. मी विचारलं, "काय पाहिजे बाबा?"

"मी देवराम. येसूचा नवरा."

माझ्या हातातली हातोडी मी खाली ठेवली. भांडायला आला असेल तर त्याला बोलू द्यावं, असं ठरवलं.

तो म्हणाला, "लोक सांगतात, ती अजून गाडीत बसलेली हाय. म्हनून आलो. बघू का?"

मी बाजूला झालो. तो इरलं काढून आत गेला, ड्रायव्हरच्या जागेवर चढून बसला आणि शेजारच्या रिकाम्या सीटकडे बघत राहिला. मी उगाच पान्हे पुसत होतो. बऱ्याच वेळाने तो उतरला.

"नाय इथं," तो म्हणाला.

त्याच्या चेहऱ्यावर सुटकेचा भाव नव्हता. ती तिथे असती तर त्याला बरं वाटलं असतं, असा तो चेहरा होता.

मग त्याने आत हात घालून पोच्यावर बोट ठेवलं. "ह्यो तिच्या डोक्याचा?"

खोटं बोलणं शक्य नव्हतं. "हो."

"काढशील?"

"तू म्हणशील तसं. ठेव म्हणालास तर ठेवतो."

त्याने पोच्याच्या कडेने बोट फिरवलं. "काढलास म्हनजे जातो कुठं तो?"

इतकी वर्षं पोचे काढले, पण हे मला कुणी विचारलं नव्हतं. मीही स्वतःला विचारलं नव्हतं. मी म्हणालो, "जात नाही कुठं. पत्रा आपल्या जागेवर परत येतो, एवढंच. ठोकला म्हणजे तो जरा कडक होतो. नव्यासारखा नरम राहत नाही."

"कडक होतो," तो म्हणाला. मग म्हणाला, "काढ. मी बसतो इथं."

पोचा काढायचा तर ठोकळा मागून धरावा लागतो. सीट काढून मी खाली वाकलो आणि डॅशबोर्डच्या मागे हात घालायला लागलो. तो जवळ आला. "मी धरू?"

त्याला ठोकळा दिला. मजुरीचे हात, जड वजन सहज पेललं. त्याने खाली बसून हात मागे घातला आणि मी सांगितलं तिथे ठोकळा दाबून धरला. मी पुढून हातोडी चालवायला लागलो. हलके घाव, बाहेरून आत, गोल गोल. ठोकळा धरणाऱ्याच्या तळव्यात प्रत्येक घाव उतरतो. सुरुवातीला त्याचा हात दचकत होता, मग स्थिर झाला. मधेच माझ्या लक्षात आलं, तो रडतोय. मी थांबलो.

"थांबू नको," तो म्हणाला.

पत्रा घरी आला तेव्हा मी त्याला डोळे मिटून तळवा फिरवायला सांगितलं. त्याने फिरवला. पुन्हा फिरवला. एका जागी थांबून म्हणाला, "इथं जरा हाय."

मी हात लावून पाहिला. होता. अगदी पुसट, पण होता. मी हातोडी उचलली तर त्याने माझं मनगट धरलं.

"तेवढा राहू दे."

मी तेवढा राहू दिला. रंगाखाली तो कुणाला दिसणार नव्हता.

नवरात्रात ऊन पडलं, रंग झाला. मी मोखाड्याला गेलो. सोमा घराच्या ओट्यावर दोर वळत बसला होता. दाढी वाढलेली. त्याची बायको म्हणाली की तो शेतावर जातो, येतो, जेवतो, पण कुणाशी बोलत नाही. मी त्याला देवराम आल्याचं सांगितलं. ठोकळा कसा धरला तेही सांगितलं.

"शिव्या देत व्हता?"

"नाही."

"दिल्या असत्या तर बरं झालं असतं," सोमा म्हणाला. "पुढची सीट मीच ठेवत व्हतो ना तिला. मागं असती तर जगली असती."

"मागे बसली असती तर वाटभर ओकत गेली असती. म्हणून ठेवायचास. त्यात तुझं काय चुकलं?"

त्याने दोर पुन्हा वळायला घेतला. पण बाजाराच्या दिवशी तो आला. चावी हातात घेतली, सीटवर बसला, आणि स्टिअरिंगला नुसता हात लावून बराच वेळ तसाच राहिला. मी शेजारी न बसता मागे चढलो. नवीन काम केलेल्या गाडीच्या पहिल्या खेपेला मी नेहमी बरोबर जायचो. आवाज कुठून येतो, दार कुठे घासतं, ते चालत्या गाडीतच कळतं.

स्टँडजवळ गाडी उभी केली. खोडाळ्याकडची माणसं पिशव्या घेऊन उभी होती. नव्या रंगाकडे बघत होती, पण पुढे कुणी येईना. सोमा समोर बघत बसलेला. त्याच्या हाताच्या शिरा मला मागून दिसत होत्या. दोन म्हाताऱ्या आपसात कुजबुजून पायीच निघाल्या.

तेवढ्यात बाजारातून देवराम आला. खांद्यावर मिठाची आणि तांदळाची पिशवी. त्याने एकदा जीपकडे पाहिलं, एकदा सोमाकडे. सोमा उतरायला लागला, बहुतेक पळूनच जाणार होता. देवराम डावीकडून वळून पुढे आला आणि पुढच्या सीटवर चढून बसला. पिशवी मांडीवर घेतली.

सोमा म्हणाला, "देवराम, मी..."

"चालव. घरी पोरी वाट बघत असतील. आता रांधायचं माझ्याकडंच हाय."

मागे एक बाई चढली. मग तिची सासू. मग बाकीची. ज्या दोन म्हाताऱ्या पायी निघाल्या होत्या त्यांना पुढे उतारावर घेतलं.

घाटात मी कान देऊन होतो. पत्र्याचा खडखडाट नव्हता, गाडी सरळ चालत होती. ते वळण आलं तसा सोमाने वेग कमी केला. धोंडा बाजूला लोटलेला होता, त्यावर कुणीतरी शेंदूर लावला होता. देवरामने डॅशबोर्डवर तळवा ठेवला आणि वळण संपेपर्यंत तसाच ठेवला. पुढे त्याने तो काढून घेतला आणि पिशवीचं तोंड नीट बांधलं.

त्याच्या पाड्याच्या फाट्यावर गाडी थांबली. इंजिनाचा आवाज ऐकून त्याच्या दोन मुली धावत आल्या. मोठी बापाकडे आली आणि तिने पिशवी घेतली. धाकटी पुढच्या सीटजवळ थांबली, आत डोकावली, मग गाडीच्या मागे येऊन आमच्या सगळ्यांच्या चेहऱ्यांकडे एकेक करून बघून गेली. आई बाजारातून याच गाडीने यायची. मी आयुष्यभर वाकलेलं सरळ केलं, पण त्या पोरीच्या डोळ्यांपुढे मला माझे हात कुठे ठेवावेत ते कळेना.

सोमाने हे आरशात पाहिलं होतं. त्याने मान खाली घातली. गाडी चालू होती, गिअर टाकायचा तेवढा बाकी होता, पण त्याचा हात उठेना.

देवराम धाकटीला कडेवर घेऊन वाटेला लागला होता. जरा पुढे जाऊन तो थांबला आणि मागे वळला.

"सोमा, उतर. कोरा चहा हाय, पिऊन जा."

"माणसं बसलीत," सोमा कसाबसा म्हणाला.

"मग सगळेच या."

सोमाने इंजिन बंद केलं आणि तो खाली उतरला. त्याच्यामागे आम्ही सगळे.